नसीह सर म्हणतात

प्रिय नसीह,

कसा आहेस हे विचारत नाही, कारण तू कसा आहेस ते मला या घरात उठता-बसता ऐकावं लागतं. रौफा तुझ्या छावणीतून रजेवर आली होती, काल परत गेली. माझी मुलगी, माझ्या घरात, मी पकडलेला मासा खात होती आणि तोंडात नाव मात्र तुझं. ‘नसीह सर म्हणतात, ओले मोजे पायात ठेवून झोपायचं नाही.’ ‘नसीह सर म्हणतात, गाठ डोळे मिटून सोडता आली पाहिजे.’ मी म्हटलं, “अगं, तुझ्या सरांना गाठ मारायला शिकवलं कोणी, ते विचार की त्यांना.” तर हसली. “बप्पा, तुम्ही जळता त्यांच्यावर!” सोबीरा चुलीपाशी रोशीच्या पोळ्या भाजत होती. ती तिथूनच म्हणाली, “आजचं नाही ते. माझ्या लग्नाच्या आधीपासूनचं आहे.” मायलेकी खदखदून हसल्या. हसू देत. खोटं थोडंच बोलत होत्या?

इकडचं म्हणशील तर यंदा कुपा माशानं पार दगा दिलाय. दोणी घेऊन पहाटे निघतो आणि उन्हं चढली तरी अर्धी रिकामीच. धक्क्याचं काम अजून चाललंयच. तुझी आई मजेत आहे. दुपारी आमच्या दारातल्या जाळीच्या खुर्चीत येऊन बसते, पान लावते आणि सुरू होते. विषय एकच. माझ्या दारात, माझ्याच खुर्चीत बसून तुझं कौतुक करते आणि मी “हो ना, हो ना” करत जाळं विणत बसतो.

आपल्या देशानं स्वतःचे सागरी सैनिक उभे करायचं ठरवलं ते दिवस तुला आठवतात का रे? चार बंदूकवाले बोटीतून उतरले तर बेटंच्या बेटं त्यांच्या ताब्यात जातील, म्हणून माणसं हवीत, असं बेटाच्या मुखियानं सांगितलं होतं. आपण दोघांनी एकाच दमात नावं दिली. राजधानीला, मालेला जाताना तुला बोट लागली आणि मी तुझी पिशवी सांभाळली. तिथून आपल्याला नेलं त्या रिकाम्या बेटावर सुरुवातीला काय होतं? दोन पत्र्याच्या शेड, एक झेंडा आणि तो परदेशी उस्ताद, ज्याचं ओरडणं कळायचं पण शब्द निम्मेच कळायचे. कवायत कुणाला येत नव्हती. डावा पाय म्हटलं की निम्मी रांग उजवा टाकायची. मग त्यानं आपल्याला बुटांसकट, बंदुकीसकट पाण्यात उतरवलं. जन्मल्यापासून पोहणारी आपण पोरं, दगडासारखी खाली जायला लागलो. तो किनाऱ्यावरून ओरडला, “समुद्रावरचीच पोरं ना रे तुम्ही?” मी पोहलो. तू बुडत होतास आणि मी तुला कॉलरला धरून वाळूवर ओढलं. पोहण्यात, दोरावर चढण्यात, नेमबाजीत, कशात तू माझ्या पुढे होतास सांग. पळण्यात? तेही नाही.

आणि मग खोल बुडीच्या सरावात माझा कान गेला. दवाखान्यात डॉक्टरनं बॅटरी मारून पाहिलं आणि म्हणाला, पडदा फाटलाय, आता खोल पाण्याचं काम नाही. उस्तादानं खांद्यावर हात ठेवला. “तू या सगळ्यांत चांगला होतास.” त्यातलं ‘होतास’ मला नीट ऐकू आलं, फुटक्या कानानंसुद्धा. सामान आणणाऱ्या बोटीतून मला घरी पाठवलं. तू धक्क्यावर आलास आणि गळ्यात पडून रडलास. खरं सांगू? मला तुझ्या त्या रडण्याचाही राग आला. रडून झाल्यावर तुला परत आत जायचं होतं, मला बोटीत चढायचं होतं.

पुढच्या ईदला तू गणवेशात आलास आणि सगळं बेट धक्क्यावर लोटलं. माझ्या आईनं पहिलं शहाळं फोडलं ते तुझ्यासाठी. मी मागे उभा राहून तुझ्या सलामात खोट शोधत होतो. कोपर जरा खाली होतं तुझं. अजूनही असतं, टीव्हीवर पाहतो ना मी. तुला पट्ट्या मिळत गेल्या आणि मला दोणी मिळाली. ती प्रवासी बोट खडकावर फुटली, तेव्हा तुमच्या तुकडीच्या आधी मी तिथे पोचलो होतो. माणसं ओढून ओढून माझे तळहात सोलले होते. रेडिओवर नाव आलं ते तुमच्या दलाचं. मी ज्या म्हाताऱ्याला वर काढलं तो माझेच हात धरून म्हणाला, “सैनिकांचे फार उपकार झाले हो!” आता याला काय म्हणावं?

असं असताना माझ्याच मुलीनं जेवता जेवता सांगितलं की तिला सागरी दलात जायचंय. मी म्हटलं, बंदरावर नोकरी बघ, घरी राहशील. तिनं घास खाली ठेवला. “बप्पा, तुम्हाला ठेवून घेतलं असतं तर तुम्ही परत आला असतात?” मी उठून हात धुतले. दुसऱ्या दिवसापासून तिला खडकांच्या आतल्या पाण्यात नेऊ लागलो, तिच्या पायात माझे बूट, पुढे कापड कोंबलेलं. तुला हे तिनं सांगितलं नसेल. मीच सांगू नको म्हटलं होतं.

पण आणखी एक गोष्ट तुला ठाऊक नाही, ती आज लिहितो. तुझ्या हाताखाली तिचं प्रशिक्षण सुरू होऊन थोडेच दिवस झाले होते. तिचा फोन आला आणि ती हुंदके देत होती. “बप्पा, नाही जमत मला. खांदे सोलवटलेत. सगळ्यांत मागे राहते मी.” मी पटकन म्हणालो, “परत ये, बाळा. उद्याच्या बोटीनं ये.” आणि असं म्हणताना मला किती हलकं वाटलं! ती निघालीही होती. पिशवी भरून ती तुझ्यासमोर आली. तू म्हणालास, “जा खुशाल. पण आधी पाण्यातला सराव एकदा अजून कर. मी बरोबर येतो.” आणि या वयात तू तिच्या शेजारी पाण्यात उतरलास. ये म्हणणारा मी होतो, थांब म्हणणारा तू. त्या दिवसापासून ती तुझी झाली, नसीह. गणवेश गेला, नाव गेलं, ते मी कसंबसं पचवलं होतं. हे नाही पचत.

तर परवा तुझा फोन आला, त्याचं उत्तर द्यायला हे पत्र. तू म्हणालास, दीक्षान्ताच्या दिवशी छातीवर बिल्ला कोणी लावायचा ते ज्यानं त्यानं निवडायचं असतं आणि रौफानं तुझं नाव दिलंय. तू ते बदलून घेशील, तिला समजावशील, म्हणजे बिल्ला मलाच लावता येईल. मी फोन ठेवून दिला, नाहीतर शिव्याच दिल्या असत्या. खबरदार तिला एक शब्द बोललास तर! तुझ्या हातून मी आजवर काही घेतलं नाही, माझ्या मुलीनं तुला दिलेला हा मानही घेणार नाही. तिनं तुला निवडलंय आणि बरोबर निवडलंय. बिल्ला तूच लाव, सरळ लाव, कोपर वर ठेव. मी आणि सोबीरा पुढच्या रांगेत असू. फक्त एक ध्यानात ठेव. टाचणी टोचायला नको म्हणून तुला सारा वेळ त्या बिल्ल्याकडेच बघत राहावं लागेल. तिचा चेहरा तुला दिसणार नाही, नसीह. तो मला दिसेल.

तुझाच, जळका,
इद्रीस