ऋणनिर्देशातलं नाव

४ जानेवारी

चि. धाकटीस, अ. उ. आ.

तुझ्या पुस्तकाची किंमत मागच्या पानावर छापली आहेच. आमच्या घरात त्याला काय लागलं ते मी सांगतो: एक जेवणाचं टेबल, ज्यावर कित्येक वर्षं कुणी जेवलं नाही, एक भिंगाचा दिवा, आणि हिचे डोळे. एकोणिसाव्या शतकात जहाजांतून फिरलेल्या तुझ्या त्या बायकांच्या डायऱ्या, ती फिकट शाई, ते किरटं अक्षर, सगळं हिने स्वच्छ उतरवून दिलं. डॉक्टर म्हणतात, डोळ्यांचा नि या कामाचा संबंध नाही. डॉक्टरांनी डायऱ्या पाहिलेल्या नाहीत.

समारंभात छान बोललीस. या लेखिका आजवर कुणाची तरी बायको म्हणून अडगळीत पडल्या होत्या, माझ्या पुस्तकात एकही बाई नावाशिवाय नाही, म्हणालीस. टाळ्या मीही वाजवल्या. घरी आल्यावर हिने ऋणनिर्देशाचं पान काढलं. तिथे 'माझ्या भावाच्या पत्नीने लेखनसाहाय्य केले' असं आहे. ती ओळ तिने स्वयंपाकघरात दोनदा पुटपुटली. जन्मभर यंत्राच्या खडखडाटात काढूनही माझे कान शाबूत आहेत.

लोकांच्या दारावरच्या पाट्या करून मी वर आलो. नाव नसलं की माणसाचं काय होतं ते मला कळतं. दुसरी आवृत्ती निघतेय ना? तिला दिसतंय तोवर तिचं नाव छाप. एवढंच मागणं.

लोभ आहेच, तो जपायचं काम तुझं.

तुझा दादा

२० जानेवारी

ती. दादास, शि. सा. न.

पत्र वाचून आधी ओशाळले, मग रागावले. अख्ख्या पत्रात तू तिला 'ही' म्हणतोस, नाव एकदाही नाही. तुझ्या दारावरच्या पाटीवर कुणाकुणाचं नाव आहे, तेही मी पाहिलंय. पाटीवाल्याने मला शिकवावं?

तरी चूक माझी. 'भावाची पत्नी' हे शब्द जातील, प्रकाशकांना मी स्वतः नवी ओळ लिहून पाठवलीय. तिचं श्रेय तिच्या हक्काने येईल, कुणाच्या नात्याने नाही. तिला डोळ्यांत थेंब वेळेवर घालायला सांग. सांगू नकोस, तूच घाल.

रागाव, पण माया पातळ करू नकोस.

तुझी धाकटी

२ सप्टेंबर

चि. धाकटीस, अ. उ. आ.

तुझं बोलणं लागलं. पाटी बदलली, दोघांची नावं टाकली, तिचं वर. अक्षरं उठावाची केली, कारण तिला आता उजेड तेवढा कळतो. येता-जाता बोट फिरवते आणि ऱ्हस्व-दीर्घ बरोबर आहे म्हणते. खोड जात नाही.

तुझी नवी आवृत्ती काल आली. माझ्या नावावर बोट ठेवून दे, म्हणाली. मी ती ओळ आधी मनात वाचली. मग तिचं बोट धरून ओळीवर ठेवलं आणि तिचं पूर्ण नाव मोठ्याने म्हटलं. छापलेलं हाताला लागत नाही, म्हणून हसली. पुस्तक उशाशी घेऊन झोपलीय.

तुला ते मायेचं वाटलं असेल, म्हणून भांडत नाही. तिला मात्र फोनवर काही बोलू नकोस.

लोभ होता तेवढा असू दे.

दादा

ता. क. त्या ओळीत नुसतं 'आमच्या लाडक्या वहिनी' असं छापलंय.