डॉ. मितीकर पालेगावच्या बांधावर

मंगळवार, संध्याकाळ

माझ्या सदरातला शास्त्रज्ञ डॉ. मितीकर काळात मागेपुढे फिरतो, चौथ्या मितीत शिरतो आणि तिथेही त्याला बिल्डरच भेटतो. लोक हसतात, माझं भागतं.

आज खाली धर्माकाका भेटले. त्यांच्याच भातशेतावर आमची इमारत उभी आहे, ते सातव्या माळ्यावर राहतात. शेताच्या राखणदार देवाचा नारळ अजून पार्किंगच्या खांबाशी फोडतात. खोबरं हातावर ठेवत म्हणाले, "बाय, तुजा डॉक्टर मागं जातो ना? आमच्या बांधावर माजी म्हातारी आय बसली असंल. जमीन विकली तवापासून माज्याशी बोलली नाय, तशीच गेली. तिला सांग, वर वारा जाम मस्त येतो."

वाऱ्याचं काय सांगायचं? तरी लिहायला बसले. मितीकरला बांधावर उभा केला, एकही विनोद न देता. त्याने वाऱ्याचं सांगितलं. म्हातारीने ऐकून घेतलं आणि विचारलं, "न् भात कुठं लावतो तो?"

  हे काकांना कसं दाखवायचं? दोनदा खोडलं, पण ती दुसरं काही बोलेचना.

पण बोलली तर खरी. उद्या वर जाऊन काकांना हेच वाचून दाखवीन.