फोन ठेवल्यानंतर

८ जानेवारी, बुधवार

आज शेवटच्या सीनचे रशेस, म्हणजे न कापलेलं शूटिंग, एडिटला आले आणि मी गार!

थांब, नीट लिहिते. सीन साधा. घाटकोपरच्या एका खोलीत आई दोन ताटं वाढून बसलीय, मुलगा येणार म्हणून. मुलाचा फोन येतो – नाही जमत. ती म्हणते, "बरं. जेवून घे." फोन ठेवते. संपला सीन. स्क्रिप्टमध्ये याच्यापुढे एक अक्षर नाही.

पण आमचे दिग्दर्शक चंद्रप्रकाश सर थांबतच नाहीत! फोन ठेवून झाला तरी कॅमेरा चालूच. आईचं काम करणाऱ्या सुगंधाताई नुसत्या बसून. मग एकदाच मान वळवून दाराकडे बघतात – आला की काय! नाही. मग दुसऱ्या ताटातला भात उचलून परत टोपात टाकतात. वरण कालवलेली दोन शितं ताटालाच राहतात, ती बोटाने निपटून खातात. आणि हसतात. जरासंच, स्वतःशी.

चहा निवला माझा. एवढा वेळ शॉट धरायला छाती लागते! शेवटी "कट"सुद्धा ऐकू येत नाही, कॅमेरा गुपचूप बंद. ताईंची तंद्री मोडू नये म्हणून असणार. मानलं सर तुम्हाला!

९ जानेवारी, गुरुवार

परत बघितला. परत काटा आला अंगावर.

११ जानेवारी, शनिवार

हाच का तो माणूस, ज्याच्या मालिका मी इतकी वर्षं अंधेरीच्या या खोलीत बसून कापल्या? सकाळी शूट, संध्याकाळी टीव्हीवर. सासू "काय?" म्हणाली की सुनेचे तीन क्लोजअप आणि वर ढँण्! मी वैतागायचे. सर म्हणायचे, "लाव गं तीन. एक दिवस मी असा शॉट देईन, की तुला कात्रीच लावता येणार नाही."

सरांचे वडील बुलढाण्याकडून आलेले, घाटकोपरला एक खोली, त्यात सात माणसं. त्याच खोलीवर, स्वतःच्या आईवर हा सिनेमा. पहिला! साठीला टेकल्यावर.

आम्ही एडिटर लोक दिग्दर्शकाला कानाने ओळखतो. या सिनेमात मुलगा दिसतच नाही, नुसता फोनवर. त्याचा आवाज नंतर एक नट डब करणार. पण सेटवर ताईंना समोरून कोणीतरी बोलायला हवं ना? म्हणून दाराशी, कॅमेऱ्याच्या बाजूला उभे राहून मुलाची वाक्यं सर स्वतः बोललेत. प्रत्येक टेकला. "आई, नाही गं जमत" – असं बोलतात की मी दरवेळी मागे नेऊन परत ऐकते.

आणि सेटवर त्यांचा एकच कायदा. "कट फक्त मी म्हणणार. छप्पर पडलं तरी कोणी थांबायचं नाही." एका सीनमध्ये खरंच मागची मांडणी कोसळलीय धाडकन! ताई शांतपणे म्हणतात, "मांजर असेल," आणि पोळी उलटतात. मी तोच टेक ठेवलाय.

आवाजाचं मात्र विचित्र आहे. पहिल्या सीनला सरांचा आवाज खणखणीत, दुसऱ्याला घोगरा, तिसऱ्याला परत झकास. सेटवर धूर करत असतील. जाऊ दे, डबच होणारेय.

१४ जानेवारी, मंगळवार

सर अजून एडिटला आले नाहीत. असं कधीच होत नाही! फोन केला तर मेसेज आला – "घसा धरलाय. डॉक्टर बोलू देत नाहीत. तू कर."

त्यांचा असोसिएट दिग्दर्शक निलेश हार्ड डिस्क घेऊन आला होता, त्याच्याकडे सरांसाठी तिळगूळ दिला. म्हटलं, सरांना सांग, गोड बोला. एरवी हा माणूस प्रत्येक गोष्टीवर पाणचट जोक मारतो. आज नुसता डबा घेऊन गेला.

१७ जानेवारी, शुक्रवार

आज डोकं फिरलंय. निर्माता देवेश येऊन जोडलेला सगळा सिनेमा बघून गेला.

"फोन ठेवला की संपव ना यार! पुढे काय, बाई भात चिवडत बसलीय. लोक उठून जातील."

म्हटलं, तोच तर सिनेमा आहे.

"दोन मिनिटं काहीच होत नाही गं!"

म्हटलं, सरांनी तिथे कट म्हटलेलं नाही, मी कोण म्हणणारी? तर म्हणतो, सर फोन उचलत नाहीत. मार्चमध्ये साउंड मिक्सिंग. तोवर सर स्वतः येऊन बोलले नाहीत तर फोन ठेवला की शॉट संपणार. माझ्या हातून!

नाही कापणार. बघू या.

१९ जानेवारी, रविवार

बोरिवलीला घरी लॅपटॉपवर आईला दाखवला. म्हटलं, हिला सरांच्या मालिका तोंडपाठ, हीच सांगेल कंटाळा येतो का ते.

फोन ठेवल्यावर मी मुद्दाम बंद करायला हात नेला. फटका बसला हातावर! "ऱ्हवांदे गो."

शेवटपर्यंत बघितलं. मग म्हणाली, "तुझो बापूस गिरणीत डबल पाळी धरी, तेव्हा मी असोच भात परत टोपात घातलंय. ह्या तुझ्या सरांक कसा कळला?"

मला कधी बोलली नव्हती हे. बाबांना जाऊन किती वर्षं झाली.

२२ जानेवारी, बुधवार

क्रमाने लिहिते.

डबिंगवाल्या नटाला द्यायला मुलाची सगळी वाक्यं काढत होते. सोपं पडावं म्हणून शूटिंगच्या तारखांप्रमाणे लावली. एरवी मी सिनेमा लावते तो गोष्टीच्या क्रमाने. पण शूट कुठे त्या क्रमाने होतं? आज शेवट, उद्या सुरुवात, लोकेशन मिळेल तसं.

तारखेप्रमाणे ऐकलं. पहिल्या दिवशी खणखणीत. मग जरा घोगरा. मग जास्त. मग चिरका. शेवटच्या दिवशी, त्या शेवटच्या सीनला – "आई, नाही गं जमत" – नुसती हवा. अॅक्शनसुद्धा निलेशने म्हटलंय.

अगं बाई! मी समजत होते आवाज येतोय, जातोय. तो येत नव्हताच. नुसता जात होता.

निलेशला फोन लावला. मग म्हणाला, "सोमवारी ऑपरेशन आहे, दीप्ती. स्वरयंत्र काढणार. सगळ्यांना सर्दी सांगितलेली. मला शपथ घातली होती यार."

शूटिंगच्या आधीच कळलं होतं म्हणे. डॉक्टर म्हणाले उशीर करू नका. सर म्हणाले, एवढा सिनेमा होऊ दे.

आणि त्या घशाने हा माणूस रोज ताईंना वाक्यं देत होता. ताई पाठमोऱ्या असल्या, तरी पूर्ण. काय म्हणू या माणसाला? मी एडिट रूमचं दार लावून रडले. भरपूर.

२७ जानेवारी, सोमवार

निलेशचा मेसेज – "झालं. सर ओके."

बस्स. देवा!

२९ जानेवारी, बुधवार

डबिंग नाही! मुलाचा आवाज सरांचाच राहणार. देवेशला सांगितलं तर म्हणे, "वेडी आहेस का? खरखर ऐक, मागे पंखा ऐक!" म्हटलं, पंखा मी काढते. खरखरीचं म्हणशील, तर फोनवर रोज कोणाचा आवाज सारखा असतो? हेडफोन चढवला त्याच्या कानावर.

उतरवला तेव्हा नाक ओढत होता. म्हणाला, "ठेव." पण देवेश तो देवेशच. दारातून वळून म्हणतो, "शेवटचा शॉट मात्र काप हां."

१ मार्च, शनिवार

सर आले! गळ्याशी पांढरं कापड, शर्ट अंगात लोंबतोय. त्यांच्या खुर्चीत बसले, पाठीवर थोपटलं माझ्या. मी येड्यासारखी बडबडत सुटले – सर, काय छातीने धरलात तो शॉट, देवेशला तुम्हीच सांगा!

लावला. ताईंनी फोन ठेवला. दाराकडे बघितलं. सरांनी हात लांब करून चित्र थांबवलं. मोबाइलवर टाइप केलं, माझ्यासमोर धरलं.

"इथे मी कट म्हणालो होतो."

ताईंनी दाराकडे नव्हतंच बघितलं. सरांकडे बघितलं होतं.

त्यांनी पुढे टाइप केलं. "आवाज आला नाही. ती परत वळल्यावर हात वर केला. कोणी बघितलाच नाही, सगळे तिच्याकडे बघत होते. मग मीपण बघत बसलो."

आणि स्वतःच प्ले दाबलं.