नानाशी गुजरातीत बोललो

१२ जानेवारी
आरटीओच्या टेस्ट ट्रॅकवर आज लायसन्स रिन्युअलच्या रांगेत नाना. भाईदासनाना, राहतो इथे सुरतेत लिंबायतला, पण मूळ खानदेशातल्या आमच्याच गावचा. डिप्लोमाची तीन वर्षं मी त्याच्याच खोलीत काढली. पॉवरलूमवरून दमून यायचा आणि आधी मला वाढायचा. लूम सुटला तशी रिक्षा घेतली.

डॉक्टरचा दाखला होता, फिट. पण फॉर्म उलटा धरून देत होता. म्हणून लांबच्या स्कूटरची नंबरप्लेट वाचायला सांगितली. चार आकडे धडाधड म्हणाला. ते त्याच्या स्वतःच्या रिक्षाचे होते.

नापास केलं. रोज शाळेची सहा पोरं नेतो, काय करणार? पण मागे एजंट, दोन ज्युनियर, सगळे बघत होते. साहेबानं गाववाला सांभाळला असं व्हायला नको, म्हणून तोंडातून निघालं, "काका, नहि चाले. बाजु पर ऊभा रहो."

नाना बाजूला झाला. बराच वेळ उभा होता. मी बघितलं नाही. म्हणजे बघितलं.

१४ जाने.
उत्तरायण. सगळी सोसायटी गच्चीवर, मी खाली. शो.ला, बायकोला, सांगून टाकलं. म्हणाली, नापास केलंत ते बरोबरच. पण अहिराणीत सांगता आलं नसतं का? ओळख तरी दाखवायची माणसाला.

चिडलो तिच्यावर. उगाच.

२५ जाने.
लिंबायतला गेलो. संत्री नेली, पेशंटला नेतात तशी. काय अक्कल!

नाना खाटेवर बसलेला. माझा आवाज ओळखला. म्हणाला, "आवो साहेब, बेसो. शुं काम पड्युं?"

चाळीस वर्षं सुरतेत राहून नानानं घरात कधी गुजरातीचा शब्द काढलेला नाही. जिजीला, म्हणजे त्याच्या बायकोला, गंमतच वाटली. आतून हसली ती. मी अहिराणीत विचारत राहिलो, तो गुजरातीत उत्तरं देत राहिला. अगदी अदबीनं.

जिजीनं चहा देताना सांगितलं की डॉक्टरनं रिक्षा बंद करायला लावली. डॉक्टरनं? नानाकडे बघितलं. तो भिंतीकडे. माझं नाव घरात सांगितलेलंच नाही त्यानं.

मीही नाही सांगितलं. चहा प्यायलो.

९ फेब्रु.
नानाच्या मुलाचा, रवीचा फोन. डोळ्यांच्या दवाखान्यात दाखवलं. काचबिंदू. गेलेली नजर परत येत नाही म्हणे.

म्हणजे मी बरोबर होतो. बरोबर असण्याचं आता काय लोणचं घालू?

२१ फेब्रु.
पर्वत पाटियाच्या सिग्नलला एक रिक्षावाला खाकी शर्टात, नानासारखीच मान तिरकी करून बसलेला. ड्रायव्हरला म्हटलं, गाडी लिंबायतला घे. मग म्हटलं, राहू दे, ऑ.लाच चल. रविवारी जाऊ. जायचंच.

९ मार्च
नाना गेला.

बमरोलीच्या एका मिलमध्ये कापडाच्या घड्या घालायला जात होता, आठच दिवस झाले होते. हातानं चाचपून घड्या घालायचा, पण एकदम सरळ, असं तिथला मुकादम सांगत होता. दुपारी जेवायला बसला आणि तिथेच कलंडला. हार्ट.

खांदा दिला. लोक मला पुढे करत होते, नानाचा मानलेला मुलगा म्हणून. रविवार तीन गेले मधे. तीन.

२ एप्रिल
रिटायरमेंटला दोन महिने. ऑ.तल्या पोरांना निरोपाच्या भाषणासाठी माझी माहिती हवीय. कागद ठेवून गेलेत टेबलावर: कुठे कुठे पोस्टिंग, कारकिर्दीतला लक्षात राहिलेला प्रसंग. व्यारा, वलसाड, भरूच, सुरत, लिहिलं. एकतीस वर्षं कुणाच्या चहालाही मिंधा नाही, तेही लिहिलं.

प्रसंगाची जागा कोरी. एकच आठवतो.

१७ एप्रिल
जिजी स्वतः घरी आली, रवीला घेऊन. परवा अखाजी, अक्षय्य तृतीया. नानाची पहिलीच, म्हणून त्याच्या नावानं घागर भरायची, आणि पितर म्हणून पाटावर कुणाला तरी बसवून जेवू घालायचं. रवी म्हणाला, चुलत्यांना बोलावू. जिजी ऐकेना.

मला म्हणाली, "पितर म्हनीसन तूच बसजो. त्यासना जीव तुन्हावर व्हता."

हो म्हटलं. दुसरं काय म्हणणार होतो? ती गेल्यावर शो. म्हणाली, सांगून टाका तिला. मग स्वतःच म्हणाली, पण आत्ता सांगून तिच्या पदरात काय पडणार? नानानंच झाकून ठेवलं ते.

माझी अब्रू ठेवली की मला परका करून टाकलं, कळत नाही. घरच्या माणसाबद्दल तक्रार केली असती त्यानं. शिव्या दिल्या असत्या. नाना शिव्या फार छान द्यायचा.

फार आठवण येते.

१९ एप्रिल, सकाळ
अखाजी. अकराला निघायचं.

पुरणाचे मांडे, आमरस, सगळं नानाच्या आवडीचं करणार आहे जिजी. पाटावर बसवून कुंकू लावतील. घास घेण्याआधी घरातले सगळे पितराच्या पाया पडतात. रवी, सून, नातवंडं. शेवटी जिजी पडेल. नवऱ्याच्या म्हणून, माझ्या.

सांगायचं तर त्याच्या आधीच सांगावं लागेल, भरल्या घरात. आणि नाही सांगितलं तर तिला वाकू द्यायचं.

शो.नं शर्टाला इस्त्री करून ठेवलीय. दोनदा हाक मारली तिनं, येतो म्हटलंय.