खिडकीवरची फांदी आणि फाटकाचं कुलूप

३ सप्टेंबर
कोर्टाचा कागद आला! शेजारच्या हाम्बिसनं माझ्यावर दावा ठोकलाय. माझ्याच अंगणात शिरायचा हक्क हवाय त्याला! म्हणे जमीन माझी, पण ऑलिव्हचं झाड त्याच्या आजोबांचं. आमच्या गावात असं असतं — जमीन एकाची, झाड दुसऱ्याचं. झाड कुणाचं ते कोर्ट बघेल. पण मला न विचारता खिडकीवरची फांदी तोडलीस, त्याचं काय? माझा तोफिस शेवटी शेवटी तिच्याच सावलीत बसायचा. नवरा गेला, सावली तरी ठेवायचीस, मेल्या! म्हणून मागच्या फाटकाला तोफिसचं जुनं कुलूप ठोकलं आणि किल्ली विहिरीत फेकली. इतकी वर्षं भाऊजी म्हणत होते. आता नुसता हाम्बिस!

१९ सप्टेंबर
वकीलबाई इओली. नातीएवढी पोर, पण काय ठसका! "मिरोफोराआजी, उलटतपासणीत विचारलं तेवढंच बोलायचं. हो किंवा नाही." मी म्हटलं, हो. "बघा, जमतंय!" मग मी तिला हाम्बिसच्या आईपासून सगळं सांगितलं. तिनं कपाळाला हात लावला.

२ ऑक्टोबर
ट्रंकेत लग्नाचा फोटो सापडला! झाडाखाली मी, तोफिस, आणि माझे बाबा काठीनं ऑलिव्ह झोडताहेत. झाड कुणाचं ते आंधळ्यालाही कळेल! इओली फोनवर म्हणाली, "पुरावा आधी दुसऱ्या बाजूला दाखवावा लागतो. ऐनवेळी खिशातून काढलेलं कोर्ट घेत नाही."
दाखवते की. त्यात काय!

३ ऑक्टोबर
हाम्बिसच्या दारात जाऊन उभी राहिले. "घे, बघ डोळे भरून!" त्यानं चष्मा शोधला. बराच वेळ बघत बसला. मग म्हणाला, "वहिनी, हा वर टोपली घेऊन बसलाय ना, तो मी."
अगं बाई! खरंच की! लुकडा, बत्तिशी दाखवत बसलाय फांदीवर.
इओली फोनवर किंचाळलीच — "दुसरी बाजू म्हणजे त्यांचा वकील, आजी! त्यांचा पुरावा तुम्ही त्यांना घरपोच दिलात!" फोटो रागारागात तिथंच राहिला, हे मी तिला सांगितलंच नाही.

२० नोव्हेंबर
ऑलिव्ह पिकून गळताहेत. मला चढवत नाही, त्याला आत येता येत नाही. मुंग्यांची चंगळ.

८ ऑक्टोबर, पुढचं वर्ष
लागली एकदाची तारीख! बायबलवर हात ठेवला. त्याच्या वकिलानं लोण्यासारख्या आवाजात विचारलं, "हाम्बिस कधी या झाडावर चढले होते का?"
हो किंवा नाही. एवढंच. पण जीभ राहील तर ना! "चढला म्हणजे? माकडासारखा! शिडी धड लावत नाही. दर वर्षी मी धरते म्हणून, नाहीतर कधीच मान मोडली असती!"
"दर वर्षी. आभारी आहे."
इओलीनं डोळे मिटले.
मग हाम्बिसची पाळी. इओलीनं विचारलं, झाड तुमचं, तर पाणी कोण घालतं?
"वहिनीच. नको म्हटलं तरी ओततात!"
आता त्याच्या वकिलानं डोळे मिटले. न्यायाधीशबाई रुमालात खोकत होत्या. फोटोचं कुणी नावही काढलं नाही — हाम्बिसनं वकिलाला दाखवलाच नव्हता!
इओलीला चेव आला. "तेल दुकानातही मिळतं. फाटक बंद झाल्यानं तुमचं नुकसान काय झालं?"
हाम्बिस म्हणाला, "कॉफी."
"काय?"
"झोडणी झाली की वहिनी कॉफी करायच्या. झाडाखाली तिघं बसायचो. मग दोघं. ती फांदी आतून पोखरली होती, बाईसाहेब. वहिनींच्या डोक्यात पडली असती. सांगायला गेलो, तर कुलूप."


९ ऑक्टोबर
किल्ली विहिरीत! सकाळी कुलपावर दगड घालत होते, तर फाटकापलीकडून आवाज — "थांबा वहिनी, हात चेचाल." हाम्बिसनं खिशातून किल्ली काढली आणि कुलूप उघडलं. तोफिसनं आजारपणात दिलेली, जोडीची. म्हणजे पहिल्या दिवसापासून त्याच्याजवळ होती!
"मग आला का नाहीत, भाऊजी?"
"कुलूप तुम्ही लावलं होतंत ना."