रोबोने वाचवलेल्या सकाळी

३ मार्च
दूध काढणारा रोबो आजपासून सुरू. आता गायी हव्या तेव्हा आपणहून आत जाणार, दूध देऊन बाहेर येणार. पहाटे पाचला उठणं कायमचं बंद. बावीस वर्षं मी आणि माझ्या बायकोने, हिस्केने, रोज पहाटे खड्ड्यात समोरासमोर उभं राहून दूध काढलं, दोन्ही बाजूंना वर गायी. बिचारीची पाठ गेली. हे सगळं तिच्यासाठीच घेतलं. रंगसुद्धा तिला विचारला. म्हणाली, गायींना विचार.
संकल्प: रोज साडेसातला हिस्केबरोबर निवांत नाश्ता.

४ मार्च
नाश्ता झाला नाही. सात गायी आत जाईनात. ढकलत होतो.

१९ मार्च
गायी शिकल्या. एकटी क्लास्के नावाची गाय दारात उभी राहून माझं तोंड बघते. अ‍ॅप झकास आहे. कोण किती चाललं, कोणी किती रवंथ केलं, सगळं कळतं. नाश्त्याला बसलो. हिस्के काहीतरी सांगत होती, तेवढ्यात अलार्म. पाच मिनिटांत आलो म्हणालो. आलो तेव्हा टेबल पुसलेलं होतं. दीड तास झाला, मान्य. पण बिघाड सापडला. रोबोच्या कॅमेऱ्यावर शेण होतं.

११ एप्रिल
गायीमागे रोज तीन लिटर वाढ! बँकेचा माणूस खूश. म्हणाला, वेळ मोकळा झालाय, मग आणखी साठ गायी आणि दुसरा रोबो का नको? हिस्केने त्याला कॉफी दिली, एक बिस्किट दिलं आणि डबा जरा जोरातच बंद केला. मला मुद्दा पटला. प्रगती अर्ध्यावर सोडून चालत नाही. हिस्केला संध्याकाळी समजावीन.

१२ एप्रिल
समजावलं नाही. अलार्म.

६ जून
टेरस्खेलिंग बेटावर गेलो होतो. लग्नानंतरची पहिली सुट्टी. हिस्के वाळूत अनवाणी चालत होती, छान दिसत होती. मी फोन फक्त चारदा पाहिला. ती म्हणते एकतीसदा. तिने मोजावं याचं वाईट वाटलं. दुसऱ्याच दिवशी दुपारच्या बोटीने परत आलो, कारण क्लास्के अकरा तास आत गेली नव्हती. तीन दिवस ठरले होते, त्यातला दीड तर झाला.

२२ ऑगस्ट
दूधसंघाच्या मासिकाचा फोटोग्राफर आला. लेखाचा विषय: तंत्रज्ञानाने जवळ आणलेलं कुटुंब. टेबलावर पाव, चीज, अंडी मांडली. निन्केला, म्हणजे लेकीला, अंथरुणातून उठवून आणलं. फोटो सुरेख आला. मग निन्केने विचारलं, आता हे खायचं, की फोटोपुरतंच आहे? हल्लीची पोरं फटकळ. दिवसभर टोचत राहिलं.

१४ सप्टेंबर
हिस्के हल्ली पहाटे साडेचारला सायकलवरून बाहेर जाते, हे आज कळलं. दोन आठवडे झाले म्हणे. मी झोपेत असतो. मला अलार्म फक्त गायींचे येतात.
जाते शेजारच्या रिन्सेकडे. दूध काढायला! त्याच्याकडे अजून जुना खड्डाच आहे. मी विचारलं, पाठीचं काय? म्हणाली, पाठ दुखते, पण तिथे माणसं बोलतात रे. मी म्हणालो, मग मला सांगायचंस. म्हणाली, सांगत होते, पण कॅमेऱ्यावर शेण होतं.

१५ सप्टेंबर
खरं लिहितो, इथे कोण वाचतंय. निन्के होणार हे हिस्केने मला खड्ड्यातच सांगितलं होतं. माझी आई गेली तेव्हा मी तिथेच रडलो. मशीनच्या आवाजात ते कोणाला कळलं नाही, हिस्केला कळलं. तो खड्डा मी मार्चमध्ये सिमेंट ओतून बुजवला. चूक माझी आहे. दूध मात्र वाढलंय.

१७ सप्टेंबर
निर्णय घेतला. रिन्सेकडे गेलो आणि काम मागितलं. तो म्हणाला, तुझ्याकडे रोबो आहे ना? मी म्हणालो, हाताची सवय जायला नको. तो हसला नाही, हा त्याचा चांगुलपणा. म्हणाला, एकच पाळी रिकामी आहे, शनिवार पहाटेची. मी लगेच हात पुढे केला. आमच्याकडे हातात हात दिला की शब्द फिरवत नाहीत.
धावतच घरी आलो, हिस्केला सांगितलं. ती म्हणाली, वीब्रेन, ती पाळी रिकामी आहे, कारण शनिवारी मी घरी असते.