टिलबर्गच्या पुतळ्यापाशी

वेस्ट विंडसर, ऑक्टोबर १९८८

विनू,

तुला मराठी वाचता येत नाही, म्हणूनच मनसोक्त लिहितेय. फोनवर भांडायला लागले की बाबा मधे पडतात.

काल गावातल्या टिलबर्गच्या पुतळ्यापाशी उभी राहून तू लोकांकडे मतं मागितलीस. म्हणालीस, "तोही माझ्यासारखा लॉयर होता, मग पॉलिटिक्समध्ये आला. ही इज माय हिरो." बाबा टाळ्या वाजवत होते. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

याच टिलबर्गवर तू पाचवीत रिपोर्ट केला होतास. त्याने कोर्टात एका गुलाम बाईला सोडवलं आणि निवडून आल्यावर स्वतःच्या शेतावर गुलाम विकत आणून राबवले, हे लायब्ररीत बसून तूच शोधलंस. टीचर म्हणाल्या, शेवटचं गाळ. तू गाळलं नाहीस.

आता विचारलं तर म्हणतेस, "आई, इट्स जस्ट अ स्पीच."

बाबांनी तुझ्या नावाची प्रचाराची पाटी लॉनवर रोवली आहे. मी ती उपटणार नाही. पण तिचं तोंड मी आपल्या किचनकडे फिरवलंय. पुतळ्यापाशी अख्खा रिपोर्ट वाचशील, त्या दिवशी परत रस्त्याकडे करीन.

पाचवीतल्या विनूची,
आई